भिंती वाजवणारे मल्लिनाथकाका

मल्लिनाथकाका कुणाच्याही घरी गेले की बसायच्या आधी भिंत वाजवतात. दोन बोटांनी, कलिंगड वाजवून बघावं तशी. मग कान लावतात. तोवर घरचे लोक पाण्याचा पेला घेऊन उभेच.

काका आमचे शेजारी. मूळचे कर्नाटकच्या सीमेवरच्या मैंदर्गीचे, बँकेतून निवृत्त झालेले. काकू जाऊन बरीच वर्षं झाली. एकुलता मुलगा शरण नोकरीसाठी जपानला गेला, तेव्हा त्या देशाचं काहीतरी वाचावं म्हणून काकांनी इंग्रजीतून एक पुस्तक मागवलं. ते निघालं भयकथेचं. पानोपानी घरांचे नकाशे, लहान मुलांनी काढलेली चित्रं आणि त्यांत लपलेले खून. त्या घरात काय घडलं, ते वाचकानं चित्र बघून ओळखायचं. काकांना वेडच लागलं. आता कपाटभर तसलीच पुस्तकं आहेत आणि तोंडी एकच शब्द, "नोडू." म्हणजे कानडीत 'बघ'. "चित्रात काय हाय ते सगळेच बघतात. काय न्हाय ते नोडू."

चौथ्या मजल्यावर वास्तुशांत होती. जेवता जेवता काकांनी हळू आवाजात सांगितलं, की स्वयंपाकघर आणि बेडरूम यांच्यामधली दोन फूट जागा कुठं गेली ते काही कळेना. घरच्या बाईंचा घास हातातच राहिला. दुसऱ्या दिवशी गवंडी बोलावून भिंतीला भोक पाडलं, तर आत पाइप. काका म्हणाले, "या खेपेला पाइप हायत."

माझ्या मुलीनं शाळेत माझं चित्र काढलं होतं. काकांनी ते खिडकीच्या उजेडात धरलं आणि मला बाजूला घेऊन विचारलं, "रेखा, तुला हात का न्हाईत?"

मी तेवढ्यापुरतं हसले. पोरीवर कधी हात उगारला होता का, हे आठवत बसले. शेवटी तिलाच विचारलं. तिला बोटं काढायला जमत नव्हती, एवढंच.

म्हणून परवा मंगळवारी सकाळी काका आले आणि भिंतीला हात न लावता थेट खुर्चीत बसले, तेव्हा मला बरं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. त्यांनी मोबाइल पुढं केला. शरण दर रविवारी खोलीतून आपला एक फोटो पाठवतो. गेल्या काही रविवारचे फोटो त्यांनी एकापाठोपाठ एक दाखवले. शरण हसत होता. मागं दाराशी त्याचे ऑफिसचे बूट होते. प्रत्येक फोटोत एक सरळ, एक उलटा पडलेला.

"रोज ऑफिसला जातो म्हणतो," काका म्हणाले. "बूट हललेले न्हाईत."

दुसरे बूट असतील, मी म्हटलं. असतील, ते म्हणाले, आणि पुन्हा पहिल्या फोटोपासून बघायला लागले. मी म्हटलं, विचारून तरी बघा. तर म्हणाले, त्याची आई असती तर तिला बोलला असता. मला तो सगळं बरं हाय एवढंच सांगतो, आणि मीही त्याला तेवढंच सांगतो.

मीच व्हिडिओ कॉल लावून दिला. भर कामाच्या दिवशी शरण खोलीतच होता. काकांनी हवा विचारली, जेवण विचारलं, आणि मग बूट विचारले. शरणनं वळून दाराकडे बघितलं आणि मग कानडीत सांगायला लागला.

मला कानडी मोडकंतोडकंच कळतं, पण तेवढं पुरलं. त्याची नोकरी गेली होती. वडिलांना कसं सांगायचं म्हणून तो गप्प राहिला होता, आणि हळूहळू त्यानं खोलीबाहेर पडणंच सोडलं होतं.

काका रागावले नाहीत. कधी परत येतोस, असंही विचारलं नाही. म्हणाले, "बूट घाल. खाली जाऊन ये. मी फोनवर हाय."

शरण निघाला. जिना उतरताना पडद्यावरचं चित्र हलत होतं. इकडे काकाही उठले आणि आमच्या हॉलमध्ये त्याच्याबरोबर चालू लागले. एक अरुंद गल्ली आली, उभी केलेली सायकल आली, मग एका कुंपणाशी फुललेलं झाड. एक म्हातारी त्याच्या मुळाशी पाणी घालत होती.

काकांनी विचारलं, हे कसलं झाड. शरणला माहीत नव्हतं.

"मग विचार की तिला," काका म्हणाले.