बुडाला कुंकू

तीन हजार सात मीटर खोलीवरच्या खडकाने वर येण्यास लेखी नकार दिला. खोदाईच्या छिद्रातून येणाऱ्या गढूळ पाण्याबरोबर पत्र वर आले. अक्षर जुन्या वळणाचे, पण वाचता येण्याजोगे होते. अठराशे सत्तर मीटरवरचा आपला भाऊबंद पेटीत पायाकडे डोके करून झोपला आहे, तो सुलटा होईपर्यंत येणे सोयीचे नाही, असा एकंदर मजकूर होता.

प्रकल्पप्रमुख डॉ. केळवकरांनी पत्राला आवक क्रमांक दिला आणि यमुनाबाई ढेबेंना बोलावले. छिद्रातून खडकाचा लाटण्यासारखा गोल तुकडा वर आला की तो धुवायचा, बुडाच्या दिशेने लाल बाण काढायचा आणि पेटीत निजवायचा, हे त्यांचे नऊ वर्षांचे काम. तेव्हा खापर दुसऱ्या कोणाच्या माथी फुटणार? सरांनी त्यांना उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितले.

यमुनाबाईंना भयंकर राग आला. नऊ वर्षांत एकही दगड त्यांनी उलटा निजवला नव्हता, आणि ही गोष्ट अख्ख्या वाडीला तोंडपाठ होती. पेटी उघडल्याशिवाय मी जायची नाही, असे त्यांनी कळवले.

पेटी उघडली. शेजाऱ्यांचे सगळे बाण उजवीकडे, याचा एकट्याचा डावीकडे. आणि बाणाच्या टोकाशी, म्हणजे नेमके बुडाला, वाळलेले कुंकू होते. दसऱ्याला यंत्रांबरोबर एका तुकड्याची पूजा झाली होती. ती सरांनीच केली होती आणि तुकडाही भक्तिभावाने त्यांनीच परत ठेवला होता.

"सर, बाण माझा हाय," यमुनाबाई म्हणाल्या. "कुंकू तुमचं हाय."

सरांनी तुकडा यमुनाबाईंकडून सुलटा करून घेतला, चूक आपली असल्याचे पत्र तीन प्रतींत लिहिले आणि एक प्रत छिद्रात सोडली. तासाभरात उत्तर आले. येण्यास हरकत नाही, मात्र उतरवून घ्यायला ढेबेबाई हव्यात.

गुरुवारी सकाळी खडक वर आला. अंगाने कोमट होता. इंजिनिअर मंडळी दोन पावले मागे सरली, आणि यमुनाबाईंनी हेल्मेट नीट करून त्याला दोन्ही हातांनी उचलून घेतले. वाटेत कुठे लागले का, असे त्यांनी विचारले. लागले नाही, फक्त अडीचशे कोटी वर्षे एका कुशीवर काढल्याने पाठ अवघडली आहे, असे तो म्हणाला.

त्यांनी त्याला धुतले, पुसले, बाण काढला. सरांचा हात पुढे आला आणि मध्येच थांबला.

"यमुनाबाई, पेटीत मी ठेवू का?"

यमुनाबाईंनी खडकाकडे पाहिले, मग सरांकडे.

"ठेवा. पर आधी हात धुऊन या."

सर हात धुवायला गेले.