कलम नऊ

सोव्हिएत संघ बरखास्त झाल्याची बातमी पुराणिक मास्तरांनी तीनदा वाचली, चष्मा पुसला आणि चौथ्यांदा वाचली. मग ते तडक आतल्या खोलीत गेले आणि पलंगाखालची ट्रंक ओढायला लागले.

"अहो, सकाळी सकाळी काय खडखडाट लावलाय?" अहल्याबाईंनी स्वयंपाकघरातून विचारलं.

"तह शोधतोय."

"घ्या! तिकडे रशिया गेला आणि इकडे यांना तह आठवला. आता तरी फेका तो कागद. तुमचा दोस्त देशच राहिला नाही."

"देश गेला म्हणून तह जात नाही," मास्तर ट्रंकेत डोकं घालून म्हणाले. "आणि आमचा तह रशियाशी नव्हता. मुळ्याशी होता."

ही गोष्ट एकाहत्तर सालच्या ऑगस्टची. भारत आणि रशियाचा मैत्रीचा तह झाल्याचं रेडिओवर ऐकलं, आणि उज्जैनच्या माधव नगरात गोपाळकृष्ण पुराणिक, नागरिकशास्त्राचे शिक्षक, आणि त्यांचे शेजारी शरच्चंद्र मुळ्ये, रेल्वेतले गार्ड, या दोघांनी चहा पिता पिता ठरवलं की आपणही एक करून टाकू. नागरिकशास्त्राचा माणूस, त्याच्या हाताला खाज असतेच. मास्तरांनी वळणदार अक्षरात स्टॅम्प पेपरवर बारा कलमं लिहिली. मुदत वीस वर्षं. कुणी एक वर्ष आधी नोटीस दिली नाही तर तह आपोआप पाच वर्षांनी वाढेल. आणि सगळ्यांत महत्त्वाचं कलम नऊ: दोघांपैकी एकावर तिसऱ्यानं हल्ला केला, तर दुसऱ्यानं हातातलं काम टाकून धावून यावं.

हसू नका. या कलमानं दोन्ही घरं तगली. चौऱ्याहत्तर साली गच्चीवरच्या कुरडयांवर माकडांची टोळी उतरली, तेव्हा मुळ्ये अंगाला साबण लावलेल्या अवस्थेत गार्डाची शिट्टी फुंकत बाहेर आले होते. मास्तरांची शाजापूरला बदली झाली, तेव्हा ती रद्द करून घ्यायला दोघं मिळून शिक्षण खात्यात अकरा वेळा गेले. मुळ्यांची बायको वारली, त्या वर्षी मास्तर रोज जेवायला त्यांच्याकडे जाऊन बसायचे, कारण एकटा माणूस जेवत नाही. हे कुठल्या कलमात होतं, ते दोघांनाही ठाऊक नव्हतं.

दोन घरांच्या गच्च्यांमध्ये कमरेएवढी भिंत होती. रोज पाच वाजता मुळ्ये शिट्टी वाजवायचे आणि दोघं भिंतीच्या दोन बाजूंनी चहा प्यायचे. वीस वर्षं.

मग मागच्या जूनमध्ये मुळ्यांचा मुलगा अभिजीत वडलांना पुण्याला घेऊन गेला. त्याला कॉम्प्युटरच्या कंपनीत नोकरी लागली होती, फ्लॅट घेतला होता. बापाला एकटं ठेवणं त्याला पटेना. स्टेशनवर मुळ्यांना मास्तरांचा हात सोडवेना. पण पुरुषमाणूस, आणि त्यातून गार्ड! ते करड्या आवाजात म्हणाले, "आता कामाशिवाय काही येणं व्हायचं नाही, गोपाळ्या."

मास्तरांना ते लागलं. "मग मीही कामाशिवाय बोलवायचा नाही," ते म्हणाले.

झालं. दोन हट्टी माणसं, मध्ये पाऊणशे स्टेशनं, आणि काम काही निघेना. पाच वाजले की मास्तरांचा कान शिट्टीकडे लागायचा. ते कप घेऊन वर जायचे आणि निम्मा चहा तसाच घेऊन खाली यायचे. त्यांना मुळ्यांची आठवण यायची, खूप यायची. पण हे बोलायचं कुणाशी? बोलायचं ज्याच्याशी, तोच पुण्यात.

मुळ्यांच्या घरात भाडेकरू आला: रमेश चौरसिया, देवास गेटला टीव्ही दुरुस्तीचं दुकान. माणूस हसतमुख. पण आल्याच्या महिन्याभरात त्याच्या गच्चीवरची ओली धोतरं मास्तरांच्या तुळशीवर ठिबकायला लागली. दोरी त्याच्या बाजूला भरपूर मोकळी असताना कपडे नेमके भिंतीवरच!

मास्तर चिडले. मग त्यांच्या लक्षात आलं की अरे, हे तर काम निघालं! त्यांनी आंतरदेशीय पत्र घेतलं आणि लिहिलं: 'तिसऱ्या सत्तेकडून आमच्या जलसीमेचा भंग होत आहे. कळावे.'

आठ दिवसांनी उत्तर आलं: 'परिस्थितीवर लक्ष आहे. तूर्त हे कलम नऊमध्ये बसत नाही. याहून मोठे काही झाल्यास तत्काळ कळव. तत्काळ.' तत्काळखाली दोन रेघा होत्या.

मास्तर रागावून मोठं काही होण्याची वाट बघू लागले. आणि संक्रांतीनंतर ते झालं. रमेशनं गच्चीवर एक भलंमोठं पांढरं ताट उभं केलं.

"अगं, बघ! डिश लावली त्यानं. डिश कसली, क्षेपणास्त्र आहे हे."

अहल्याबाईंनी पदराला हात पुसत बघितलं. "पण त्याला वायर कुठाय?"

"क्षेपणास्त्राला वायर नसते."

"मला तर बाई फालतूच दिसतंय. त्यांच्या घरात टीव्हीचा आवाजपण येत नाही."

मास्तरांनी हे ऐकलं नाही. ते पत्र लिहायला बसले होते. यावेळचं उत्तर लवकर आलं: 'ताट आकाशाकडे आहे तोवर इलाज नाही. आपल्या दिशेला वळले तर तो हल्ला समजावा व तार करावी.'

आणि काय योगायोग! त्यानंतर चार दिवसांनी मास्तरांनी सकाळी खिडकी उघडली, तर ताट आकाशाकडे पाठ करून थेट त्यांच्या पलंगाकडे बघत होतं.

मास्तरांना आनंदानं दाढीसुद्धा करवेना. ते तसेच तारघरात गेले आणि फॉर्मवर लिहिलं: 'हमला हुआ. धारा नौ. तुरंत आओ. पुराणिक.'

खिडकीतल्या बाबूनं फॉर्म वाचला, मास्तरांकडे बघितलं, परत फॉर्म वाचला. "मास्साब, हमला? किस पे?"

"हम पर."

"कब?"

"अभी चालू है," मास्तर शांतपणे म्हणाले. "आप तार भेजिए."

रांगेत त्यांच्या मागे गल्लीतला दूधवाला उभा होता, हे त्यांनी बघितलं नव्हतं. त्याच्याकडे सायकल होती आणि मास्तर चालत आले होते, त्यामुळे बातमी आधी पोचली. मास्तर गल्लीच्या तोंडाशी आले तेव्हा त्यांच्या दारात वीसेक माणसं लाठ्या घेऊन उभी होती. अहल्याबाई पायरीवर कपाळाला हात लावून बसलेल्या. आणि सगळ्यांच्या पुढे, हातात हॉकी स्टिक घेऊन, बाह्या सरसावून, खुद्द रमेश.

"मास्साब, बस नाम बताओ!" तो गरजला. "आपको हाथ लगानेवाला कौन पैदा हुआ? आज उसकी खैर नहीं!"

मास्तरांनी रमेशकडे बघितलं. मग हॉकीकडे. मग वरच्या ताटाकडे.

"सांगा की," अहल्याबाई म्हणाल्या. "मलाही कळू दे, मी घरात असताना हल्ला झाला कधी?"

"बंदर," मास्तर म्हणाले.

गर्दीचा हिरमोड झाला. दोघातिघांनी लाठ्या खाली केल्या. पण रमेश हटला नाही. "बंदर हो या सिकंदर, मास्साब, आप हमारे बड़े हो. हम बैठे हैं ना!"

पण तो नुसता बसला नाही. दुसऱ्या दिवशी नानाखेड्याकडून त्यानं एक लंगूरवाला आणला. लंगूर दिसला की लाल तोंडाची माकडं पळतात, हे सगळ्या उज्जैनला माहीत आहे. या लंगुराचं नाव कप्तान होतं. कप्तानाला गच्चीवर तैनात करण्यात आलं. माधव नगरात त्या आठवड्यात लाल तोंडाचं एकही माकड नव्हतं, त्यामुळे कप्तानाला उद्योग राहिला नाही. त्यानं अहल्याबाईंचे सगळे पेरू खाल्ले, मास्तरांचा बनियन फाडला, आणि रमेशच्या ताटात पाय सोडून बसण्याचा त्याला छंद लागला.

"नुसता हल्ला होता तोवर बरं होतं," अहल्याबाई म्हणाल्या. "आता संरक्षण झेपत नाही."

मास्तरांचा जीव तारेत अडकला होता. मुळ्या येईल का? आला तर त्याला काय दाखवायचं? आणि आलाच नाही तर? हा तिसरा प्रश्न मनात आला की ते उठून पाणी प्यायचे. दोन दिवसांत त्यांनी एवढं पाणी प्यायलं की अहल्याबाईंनी डॉक्टरांचं नाव काढलं.

तिसऱ्या दिवशी सकाळी गल्लीच्या टोकाला शिट्टी वाजली. लांब, एकसलग, गाडी सोडताना वाजवतात तशी.

मास्तर एका पायात चप्पल घालून धावले. टेम्पोतून मुळ्ये उतरत होते. मफलर, खांद्याला पिशवी, हातात पितळी टोकाची काठी. थोडे वाळले होते. मास्तरांना वाटलं, आत्ता याला मिठी मारावी. पण समोर शिट्टी ऐकून जमलेली वीस माणसं आणि तहाची अब्रू.

"शत्रू कुठंय?" मुळ्यांनी विचारलं.

"वर," मास्तर म्हणाले.

सगळं लटांबर मास्तरांच्या गच्चीवर गेलं. ताटात कप्तान पेरू खात बसला होता. मुळ्ये काही क्षण बघत राहिले. हे दृश्य त्यांच्या हिशेबात नसावं. मग त्यांनी छाती भरून शिट्टी फुंकली. कप्तान दचकून उडाला तो थेट लंगूरवाल्याच्या डोक्यावर, आणि ताट आपल्या स्टँडसकट कलंडून, भिंत ओलांडून, दोघा मित्रांच्या पायाशी येऊन आदळलं.

अहल्याबाईंनी वाकून ताट उलटं केलं. "बघा," त्या म्हणाल्या, "वायर नाही. मी म्हणत नव्हते?"

मास्तरांनी रमेशकडे बघितलं. रमेशनं मुळ्यांकडे. मुळ्ये मफलर नीट करायला लागले.

"काका, अब तो बता दो," रमेश रडवेला होऊन म्हणाला. "मैं कब तक बुरा बनूँ? धोती टपकाओ, आपने लिखा, मैंने टपकाई. दुकान का फेल पीस खड़ा करो, किया. इधर घुमाओ, घुमाया. और मास्साब तो देवता आदमी हैं, मेरी बेटी को मुफ़्त में पढ़ाते हैं!"

लोक हसायला लागले. मास्तर मात्र मुळ्यांकडे वळले.

"शऱ्या," ते म्हणाले, "हे सगळं तू करवलंस?"

"मग काय करू?" मुळ्ये एकदम चिडले. "उज्जैनला जातो म्हटलं की अभिजीत विचारायचा, बाबा, काम काय आहे? काय सांगू त्याला? मला खोटं बोलता येत नाही, तुला माहीतच आहे. म्हणून खरा हल्ला करवून घेतला. आणि तू! अभिजीतला दाखवायला तार हवी, तर धोतरावर पत्र लिहितोस. ताटावर पत्र लिहितोस. आठ महिने, गोपाळ्या! एक तार करायला तुला आठ महिने लागले?"

"सरळ येतो म्हणून लिहायचं होतंस."

"तू सरळ ये म्हणून लिहिलंस?"

मास्तरांनी चष्मा काढला आणि बराच वेळ पुसला. मग म्हणाले, "चल, चहा घे. आज पाचपर्यंत थांबायला नको."

मुळ्ये चार दिवस राहिले. रोज पाच वाजता शिट्टी वाजली. भिंतीच्या एका बाजूला मास्तर, दुसऱ्या बाजूला मुळ्ये. रमेशनं मुळ्यांसाठी आपली खुर्ची टाकली होती. दोघं फारसं बोलले असंही नाही. ट्रंकेतला तह काढून वाचला, कलम सातमधली एक चूक वीस वर्षांनी सुधारली, आणि पुण्याचं पाणी कसं आहे यावर एक संध्याकाळ गेली.

परतीचं तिकीट अभिजीतनं आधीच काढून दिलेलं होतं. स्टेशनवर मास्तरांना विचारायचं होतं, आता परत कधी? त्याऐवजी त्यांनी विचारलं, "मफलर घेतलास ना?"

"गळ्यातच आहे," मुळ्ये म्हणाले. गाडी हलली. मुळ्यांनी सवयीनं शिट्टी तोंडात धरली, पण वाजवली नाही.

मास्तर घरी आले आणि चहा न घेताच गच्चीवर गेले. पलीकडे रमेश ते पांढरं ताट उचलून खाली न्यायच्या खटपटीत होता.

"कहाँ ले जा रहे हो?"

"दुकान, मास्साब. कबाड़ में डाल दूँगा. अब इसका क्या काम?"

"रहने दो," मास्तर म्हणाले. "खड़ी कर दो."

रमेशनं ताट परत स्टँडवर चढवलं, नटबोल्ट आवळले. "मुँह किधर करूँ? आसमान की तरफ?"

"हाँ, अभी आसमान की तरफ. आज ही तो गया है वो. रंगपंचमी हो जाने दो, फिर देखेंगे."

रमेशनं ताट वर वळवलं. मास्तर जिन्याकडे निघाले. दोन पायऱ्या उतरले, थांबले. घड्याळात पाच वाजून पाच मिनिटं झाली होती. भिंतीपलीकडे रिकामी खुर्ची तशीच होती.

ते परत वर आले.

"रमेश," ते म्हणाले, "इधर ही कर दो."