केरबाच्या पेन्शनीवर सडकेचा दावा

मैलकुली केरबा डुबल वारला आणि तेरावा झाल्यावर त्याच्या फॅमिली पेन्शनीवर वाघोशीच्या सडकेनं कोर्टात दावा लावला.

सडकेचं म्हणणं सरळ होतं. केरबा नोकरीला लागला तेव्हा बिनलग्नाचा होता. तेव्हापासून तो तिचे खड्डे भरायचा, कडेला मुरूम घालायचा, तिच्या झाडांना चुना-गेरू लावायचा. हौसाबाईशी त्यानं लग्न केलं ते नंतर. म्हणजे पहिली बायको सडक, आणि पहिली हयात असताना दुसरीला सरकार पेन्शन देत नाही.

हे कळलं तेव्हा हौसाबाई चुलीपुढं नुसती बसून राहिली. पेन्शन गेली तर खायचं काय, हा घोर होताच. पण एवढा संसार करून आपण दुसरी ठरणार, हे जास्त लागलं.

पहिल्या तारखेला ती कोर्टात पोचलीच नाही. तालुक्याला जायला सडक एकच, आणि ती स्वतःच तारखेला गेलेली. एसटी आली नाही. कोर्टानं हौसाबाई गैरहजर असं लिहून घेतलं.

पुढच्या तारखेला ती पहाटेच निघाली आणि ढेकळं तुडवत गेली. कोर्टात सडक सतरंजीसारखी गुंडाळून बसली होती. एक टोक तेवढं साक्षीदाराच्या पिंजऱ्यात होतं.

सडकेचे वकील शिंगटे उठले. "बाईसाहेब, नवरा गेल्यावर माझ्या पक्षकारानं मधला पांढरा पट्टा पुसून टाकला. आणि या बाईंच्या कपाळावर अजून कुंकू आहे. विधवा कोण, ते कोर्टानंच बघावं."

न्यायाधीश बाईंनी चष्मा सारखा केला. "हौसाबाई, काय म्हणणं आहे?"

"मालक म्हणायचे, मी गेलो तरी कुंकू पुसू नको," हौसाबाई सावकाश म्हणाली. मग ती सडकेकडं वळली. "तुला नव्हतं सांगितलं?"

"नाही, आक्का. माझ्याशी ते कमीच बोलायचे."

"माझ्याशी तरी कुठं बोलत होते? यायचे, जेवायचे, निजायचे. मला वाटायचं, सगळं तुझ्यापाशी बोलून येतात."

"मला वाटायचं, तुमच्यासाठी राखून नेतात," सडक म्हणाली.

कोर्टात कुणीतरी खाकरलं.

"पट्टा पुसायचा नाही बाई," हौसाबाई म्हणाली. "अंधारात एखादा ओढ्यात जाईल. त्यांना चाललं नसतं ते."

सडकेनं पिंजऱ्यातलं टोक न्यायाधीश बाईंकडं वळवलं. मग म्हणाली, "पहिली-दुसरी नको. निम्मं-निम्मं लिहा."

"अहो, पण दावा आपण जिंकतोय," शिंगटे म्हणाले.

"बसा हो, शिंगटे. संध्याकाळी स्कूटर माझ्यावरूनच न्यायची आहे ना?"

शिंगटे बसले. न्यायाधीश बाईंनी सरकारी वकिलांना विचारलं. ते म्हणाले की दोन विधवा असल्या तर समान वाटणी करता येते, आणि विधवा माणूसच असावी असं नियमात कुठं म्हटलेलं नाही. दोघी एकमेकींना मानत असतील तर कोर्टाची हरकत नाही, असा निकाल झाला.

नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायला दोघी मिळून बँकेत गेल्या. त्या दिवशी वाघोशीची एसटी बंद राहील, असा बोर्ड डेपोनं आदल्या दिवशीच लावला होता. रांग मोठी होती. नंबर आल्यावर हौसाबाईनं अंगठा दिला. सडकेला अंगठा नव्हता.

"या हयात आहेत हे मी कशावरून समजू?" क्लार्कनं विचारलं.

"हात लावून बघा की," हौसाबाई म्हणाली.

क्लार्क काउंटरमागून बाहेर आला. वाकून त्यानं डांबरावर तळवा टेकवला आणि बराच वेळ तसाच ठेवला. मागची रांग थांबून राहिली.

"गरम आहेत," तो म्हणाला आणि जाऊन शिक्का मारला.