पस्तीस मार्कांची फारसी

जोशीबुवांनी पंचांग मिटलं, चष्मा कपाळावर सरकवला आणि सांगितलं, "पूर्वाषाढा नक्षत्र, तिसरा चरण. अक्षर आलं फ."

पिंपळगाव राजाच्या अर्जुनराव मास्तरांच्या ओसरीवर सगळे एकमेकांकडे बघायला लागले. मास्तरांची मुलगी आशा पहिल्या बाळंतपणासाठी माहेरी आली होती, मुलगा झाला होता, आणि सहाव्या दिवशी संग्रामपूरहून तिचे सासरे किसनराव नातवाचं तोंड बघायला आणि नावाचं अक्षर काढून घ्यायला आले होते.

"दुसरं एखादं नाही का निघत?" मास्तरांनी विचारलं.

"अजून थोडा उशीर झाला असता तर ढ निघालं असतं, गुरुजी. मुख्याध्यापकाच्या नातवाला ढ! त्यापेक्षा फ बरा," जोशीबुवा म्हणाले आणि दक्षिणा घेऊन उठले.

फ अक्षरावरून नाव शोधायला बसलं की माणसाची मती गुंग होते. फुलाजी, फत्तू, फाल्गुन एवढ्यावर गाडी अडते. किसनरावांची मात्र अडली नाही. त्यांच्या मिशा आनंदानं हलल्या.

"अरे, यात इचार काहाचा? आमच्या बावाचं, माह्या बापाचं, नाव फगुजी होतं. बावा परत आला म्हना ना! ठरलं. पोराचं नाव फगुजी."

आतल्या खोलीच्या दारामागून एक बारीक हुंदका ऐकू आला. मास्तर पाणी प्यायच्या निमित्तानं आत गेले, तर आशा डोळे पुसत बसलेली.

"बाबा, माह्या पोराले फगुजी म्हनू देऊ नका. शायेत पोट्टे फग्या-फग्या म्हनून जीव घेतीन त्याचा."

"तुह्या नवऱ्याले सांग ना."

"ते? बापापुढं तोंड तरी उघडतात का ते?"

जावई जिल्हा परिषदेत कारकून होते. परिषद स्थापन होऊन पुरतं दीड वर्षही झालं नव्हतं, पण वरिष्ठांपुढे गप्प बसण्याची कला जावयांनी त्याआधीच घरी आत्मसात केली होती. राहिले मास्तर. लेकीच्या डोळ्यांत पाणी बघून ते बाहेर आले आणि त्यांच्या तोंडून निघून गेलं, "फारसीत एक भारदस्त नाव आहे. फिरोज."

आता फारसी का, ते सांगायला हवं. मास्तरांनी तरुणपणी खामगावला मॅट्रिक करताना संस्कृतऐवजी फारसी घेतली होती. संस्कृतात रूपं पाठ करावी लागतात आणि फारसीचे मौलवी मार्क सढळ हातानं देतात, असं कुणीतरी सांगितलं होतं म्हणून. मौलवींनी पस्तीस दिले. त्यातले दहा त्यांनी स्वतःच्या मनाचा मोठेपणा म्हणून दिले असावेत, असं मास्तरांना अजून वाटे. पुढच्या तेहतीस वर्षांत लिपी गेली, व्याकरण गेलं, शब्द गेले. उरलं एकच वाक्य, नमी-दानम, म्हणजे मला माहीत नाही. तोंडी परीक्षेत तेच सगळ्यात जास्त वापरावं लागल्यामुळे ते टिकलं होतं.

पण गावाला हे कोण सांगणार? गावाच्या दृष्टीनं ते 'फारसीवाले मास्तर' होते. कुणाच्या पेटीत निजामाच्या काळचा कागद सापडला की तो मास्तरांकडे येई. मास्तर तो उजेडात धरत, एकदा उजवीकडून डावीकडे नजर फिरवत, मान हलवत आणि गंभीरपणे म्हणत, "कागद जुना आहे. जपून ठेवा." हे कधीच चुकत नसे. कागद आणणारा समाधानानं घरी जाई आणि मास्तरांची कीर्ती आणखी एक गाव पुढे सरके. त्यांच्या पत्नी रुखमाबाई हे सगळं जाणून होत्या. त्या अशा वेळी फक्त चुलीत जरा जोरात फुंकर घालत.

"फिरोज?" किसनराव म्हणाले. "म्हंजे रोज फिरे तो का?"

"छे, छे! फार मोठा अर्थ आहे त्याचा."

"सांगा ना मंग."

मास्तरांना घाम फुटला. हा शब्द मॅट्रिकच्या पेपरात आला होता एवढं त्यांना लख्ख आठवत होतं. तो प्रश्न आपण सोडून दिला होता, हेही आठवत होतं.

"असं वरवर सांगून चालत नाही, इवाई. मुळापासून सांगावं लागतं. बारशाच्या दिवशी सांगतो, सगळ्यांसमोर."

"हे बरं बोलले," किसनराव खूश होऊन म्हणाले. "मी बैल घेतो तवा पयले मूळ इचारतो. कोन्या गायीचा, कोन्या गावचा, कोनाच्या गोठ्यातला. मंग दात पाहातो. तसंच नावाचं. मूळ चांगलं निंघालं तं फिरोज. नाही तं बावाचं नाव हायेच."

ते संग्रामपूरला गेले आणि मास्तर शिडी लावून माळ्यावर चढले. फारसीचं जुनं पुस्तक सापडलं. वाळवीनं ते इतक्या आवडीनं वाचलं होतं की पुठ्ठे तेवढे उरले होते.

"माह्यापेक्षा तिलेच जास्त समजलं असन," मास्तर खाली उतरून म्हणाले.

"मंग आता खरं सांगून टाका," रुखमाबाई म्हणाल्या.

"आता? तेहतीस वर्षांनंतर? तू बी काय बोलून राह्यली!"

दुसऱ्या दिवशी रजा टाकून, दोन मोटारी बदलून, उरलेलं अंतर पायी तुडवत मास्तर रोहिणखेडला पोचले. तिथे जुनी मशीद होती, म्हणजे मौलवी असणार, म्हणजे फारसी असणार, असा त्यांचा साधा हिशेब होता. मौलवीसाहेब भेटले, प्रेमानं घरी घेऊन गेले, चहा आला. मास्तरांनी आडवळणानं नातवाचा, फिरोज नावाचा आणि फारसीचा विषय काढला.

"फारसी?" मौलवीसाहेब हसले. "मले काहाची येते, गुरुजी? आम्ही कुराण वाचतो, ते अरबी. फारसी दादा-परदादाच्या टायमाले होती. आता या भागात फारसी जाननारा एकच मानूस उरला म्हनतात."

"कोण?" मास्तर पुढे सरकले.

"पिंपळगाव राजाले एक हिंदू मास्तर हाये. अर्जुनराव नावाचे. लय मोठे इद्वान."

मास्तरांच्या बशीतला चहा धोतरावर सांडला. आपण कोण ते सांगावं लागलं. मौलवीसाहेबांनी दोन्ही हातांनी त्यांचे हात धरले.

"अरे खुदा! मी तुमच्याकडंच येनार होतो!" असं म्हणून ते आत गेले आणि मलमलीत गुंडाळलेला एक पिवळा कागद घेऊन आले. "आमच्या खानदानातला हाये. कोनाले वाचता येत नाही. खामगावपर्यंत दाखवून आलो."

मास्तरांनी कागद उजेडात धरला. उजवीकडून डावीकडे नजर फिरवली. "कागद जुना आहे," ते म्हणाले. "जपून..."

"ते तं चार पिढ्यांपासून जपूनच ठेवला, गुरुजी. वाचाचा तेवढा राह्यला. तुम्ही घरी घेऊन जा, सवडीनं वाचा."

इतक्या विश्वासानं दिलेला कागद परत कसा करायचा? मास्तरांनी तो खिशात ठेवला. तेवढ्यात आतल्या दाराच्या पडद्याआडून एक म्हातारा पण खणखणीत आवाज आला. मौलवीसाहेबांच्या आई हुरमतबी आत तांदूळ निवडत बसल्या होत्या.

"नातवाचं नाव फिरोज ठेवून राह्यले का? चांगलं हाये. फिरोज म्हंजे जितनारा. इरानच्या जुन्या बादशहांचं नाव. तवा ते पिरोज म्हनत. अरबांच्या तोंडी प नव्हता, त्यायनं त्याचं फिरोज केलं. माह्या भावाचं नाव फिरोज होतं."

"मग तुमचे भाऊ..." मास्तर हरखून म्हणाले.

"जलमभर काहीच नाही जितला. कुस्ती हरला, मुकदमा हरला, बायकोसमोर तं रोजच हरला. पन नाव चांगलं हाये."

"अम्माले असं काही काही माहीत असते," मौलवीसाहेब कौतुकानं म्हणाले. फारसीच्या शोधात निघालेल्या त्या दोन्ही शहाण्यांपैकी एकाच्याही डोक्यात पुढचा प्रश्न आला नाही. मास्तरांना अर्थ मिळाला होता, मूळ मिळालं होतं. त्या मुळात प निघाला ही भानगड किसनरावांना सांगायची काही गरज नव्हती. इराणचे बादशहा एवढ्यावर थांबायचं. चपला घालता घालता ते आनंदाच्या भरात बोलून गेले, "बारशाला या बरं का दोघं. अम्मांनाही आणा." असं आपण सगळ्यांनाच म्हणतो. कुणी येत नसतं.

बाराव्या दिवशी घर भरलं. पुरुष ओसरीवर, बायका आत पाळण्याशी. घुगऱ्यांचा वास सुटला होता. किसनरावांची लेक शालूबाई, म्हणजे बाळाची आत्या, नवं लुगडं नेसून पाळण्यापाशी तयार होती, कारण कानात नाव तीच सांगणार. दाराच्या फटीतून आशा एकटक बापाकडे बघत होती.

मास्तर उभे राहिले. "फिरोज म्हणजे विजयी," ते म्हणाले. "हे इराणच्या प्राचीन बादशहांचं नाव. इस्लामच्याही आधीचं." मग थांबवेना, म्हणून थोडं घरचं घालून त्यांनी बादशहांना हत्ती दिले, किल्ले दिले. किसनराव एखाद्या बैलजोडीच्या खांद्यावरून हात फिरवावा तसे समाधानानं डोलत होते.

"वा! मूळ लय दमदार हाये. शालू, बाई..." ते म्हणाले, आणि नेमके त्याच वेळी अंगणात मौलवीसाहेब उभे राहिले. मागे बुरख्यातल्या हुरमतबी. सकाळच्या पहिल्या मोटारीनं निघाले होते बिचारे. बायकांनी म्हातारीला हात धरून आत नेलं, आणि मौलवीसाहेबांनी ओसरीवर बसल्या बसल्या सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, "गुरुजी, तो फारसी कागद वाचला का?"

"कोनता कागद?" किसनरावांनी कान टवकारले. कळल्यावर ते मांडी ठोकून म्हणाले, "मंग इथंच वाचा ना! आमी बी ऐकतो. जलमात फारसी ऐकली नाही."

रुखमाबाईंनी आतून मुकाट्यानं तो कागद बाहेर पाठवला. मास्तरांनी उलगडला. पंचवीस माणसं श्वास रोखून बघत होती. अक्षरं ओल्या भिंतीवरून मुंग्या जाव्यात तशी कागदावरून चालली होती. मास्तरांनी दोनदा घसा साफ केला. आणखी एक थाप मारता आली असती, तोंडापर्यंत आलीही होती. पण मौलवीसाहेब इतक्या भाबडेपणानं हात जोडून बसले होते की मास्तरांना स्वतःची खरोखर लाज वाटली.

"मला हे वाचता येत नाही," ते म्हणाले. "कधीच येत नव्हतं. मॅट्रिकला पस्तीस मार्क होते. आजवर ज्यांचे ज्यांचे कागद जुने म्हणून परत केले, त्या सगळ्यांची मी माफी मागतो. कागद जुने होते, एवढं मात्र खरं."

किसनरावांचा चेहरा लाल झाला. "म्हंजे नावाचा अर्थ बी तुमीच बनवला! बिनमुळाचा माल आमच्या गळ्यात बांधून राह्यले होते? शालू! पोराच्या कानात फगुजी म्हन!"

आत आशानं पदर डोळ्यांना लावला. मास्तरांना वाटलं, धरणी दुभंगावी आणि आपल्याला पोटात घ्यावं.

"थांब वो पोरी," आतून खणखणीत आवाज आला. हुरमतबी दारात येऊन उंबऱ्यावर बसल्या. "अर्थ मी सांगतला त्याले. बरोबर हाये. आना तो कागद इकडं."

"अम्मा, तुले वाचता येते?" मौलवीसाहेब उडालेच.

"माहे अब्बा पोराईले फारसी शिकवत. मी दाराआड चक्की फिरवता फिरवता शिकली. पोरं इसरली, मी नाही इसरली."

"मंग इतकी वर्षं बोलली काऊन नाही?"

"तू दाढीवाल्याईले इचारलं, पगडीवाल्याईले इचारलं, चष्मेवाल्याईले इचारलं. मले कोनं इचारलं?"

मग त्यांनी कागद नाकाजवळ नेला आणि संथ आवाजात वाचलं, "ईन मुअल्लिम फारसी नमी-दानद."

ओसरीवर कुणाला काही कळलं नाही. मास्तरांना मात्र आयुष्यात पहिल्यांदा फारसीचं एक अख्खं वाक्य कळलं, आणि ते कानाच्या पाळीपर्यंत लाल झाले.

"अर्जी हाये," हुरमतबी म्हणाल्या. "गाववाल्याईनं सुभेदाराले केलेली. म्हनतात, आमच्या पोराईले शिकवाले जो मास्तर ठेवला, त्याले फारसी येतच नाही."

पहिल्यांदा कोण हसलं ते कळलं नाही, पण बघता बघता सगळी ओसरी हसायला लागली. मौलवीसाहेब डोळे पुसत हसले. चार पिढ्या मलमलीत जपलेली खानदानी इज्जत ती ही! किसनरावांनी पोट धरलं, त्यांचा राग कुठच्या कुठे गेला.

"मंग? काढलं का त्या मास्तराले?" त्यांनी विचारलं.

हुरमतबींनी कागद उलटा केला. "मागं सुभेदाराचा हुकूम हाये. दुसरा मिळत नाही तवरोक हाच राहू द्या."

"पन आता तं दुसरी मियाली!" किसनराव ओरडले. "चला, मूळ पक्कं झालं. शालू, म्हन फिरोज!"

शालूबाईनं पाळण्यात वाकून बाळाच्या कानात नाव सांगितलं, बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घातले, आणि आशा रडता रडता हसली. मास्तर उठले. त्यांनी आपली गादी झटकली, उंबऱ्यापाशी नेऊन हुरमतबींपुढे मांडली आणि स्वतः खाली जमिनीवर बसले. छातीवरचं तेहतीस वर्षांचं ओझं उतरल्यासारखं त्यांना मोकळं वाटत होतं.

हुरमतबींनी त्यांना आपादमस्तक न्याहाळलं. गावच्या शाळेचे मुख्याध्यापक, बावन्न वर्षांचे, आजोबा झालेले.

"पस्तीस म्हंजे अगदीच कोरा नाही," त्या म्हणाल्या. "येत्या रईवारी येजो. पाटी घरून आनजो. अन् उशीर केला तं भायेर उभा करीन."

मास्तरांनी मान खाली घातली.

"हाव, बाई," ते म्हणाले.