वैरागडेंचं 'म्हणावं'

वैरागडे कुणाशीच थेट बोलत नसत. माणूस मुका नव्हता, तोतरा नव्हता, कुणाशी भांडणही नव्हतं. आवाज तर असा खणखणीत की रस्त्यावरचा रिक्षावाला वळून बघायचा. पण मला काही सांगायचं असलं की ते नामदेवला सांगत. नामदेव आमच्या ऑफिसचा चपराशी. मी हातभर अंतरावर बसलेलो असायचो आणि वैरागडे म्हणायचे, "नामदेव, सरोदेभाऊले म्हणावं, पंखा कमी करा."

मी ऐकलेलं असायचं. मी ऐकलंय हे नामदेवलाही माहीत असायचं. तरी तो उठायचा, माझ्या टेबलाशी येऊन म्हणायचा, "पंखा कमी करा म्हणते." मी पंखा कमी केला की परत जाऊन सांगायचा, "केला म्हणते." वैरागडे समाधानाने मान हलवायचे.

मध्ये एक माणूस लागायचाच. मग तो कोण, याला महत्त्व नव्हतं. चहावाला किटली घेऊन त्यांच्या पुढ्यात उभा असला की ते माझ्याकडे वळायचे. "सरोदेभाऊ, याले म्हणावं, साखर कमी." माझ्याशी थेट बोलण्याचा प्रसंग तेवढाच, तोही दुसऱ्यासाठी. एकदा पोट बिघडलं तर नामदेवला घेऊन डॉक्टरकडे गेले. "नामदेव, म्हणावं, बेंबीखाली दुखते." डॉक्टर घाईत होते. त्यांनी नामदेवला झोपवून त्याचंच पोट दाबलं आणि गोळ्या त्याच्याच हातात दिल्या.

सगळे हसायचे. मीही हसायचो. पुढे त्यांनी जे केलं, त्यानंतर माझं हसू बंद झालं आणि पोट मात्र माझं दुखू लागलं.

आमचं ऑफिस विहिरींचं. कोणत्या गावात किती खोल पाणी लागेल, ते सांगायचं. ऐंशीचं दशक संपत आलं तेव्हा आमच्याकडे एक मोठा कॉम्प्युटर आला. त्याच्यासाठी आतली खोली गार केली, काचेचं दार लावलं आणि दाराशी पाटी लावली, 'पादत्राणे बाहेर काढावीत'. त्या खोलीत मी बसायचो. विहिरींचं गणित करणारा प्रोग्रॅम मी लिहिला होता, एकट्याने. दोन उन्हाळे त्यात गेले आणि तेवढ्यात चष्म्याचा नंबरही वाढला.

माझ्या प्रोग्रॅमला चित्रंबित्रं नव्हती. काळा पडदा, त्यावर हिरवी अक्षरं. आपण टाइप करून हुकूम द्यायचा, गाव, तालुका, महिना, सगळं ओळीनं. एक स्वल्पविराम चुकला की काम अडलं. बरोबर दिलं की खालून आकड्यांच्या ओळी सरसर वर यायच्या. मला त्या ओळी फार सुंदर वाटायच्या. गावाकडून आलेल्या माणसांना वाटायच्या नाहीत. सावनेरकडचा एक शेतकरी कागद उलटासुलटा करून मला म्हणाला होता, "साहेब, यात पाणी कुठं आहे?"

मग बाहेरच्या खोलीत एक छोटा कॉम्प्युटर आला. रंगीत पडद्याचा, माउस असलेला. तो वैरागडेंच्या वाट्याला आला. काही महिने ते त्याच्यासमोर मान खाली घालून बसले आणि एक दिवस भिंतीला भोक पाडून त्यांनी त्या छोट्या मशीनची तार माझ्या मोठ्या मशीनला जोडून घेतली. अर्थात नामदेवमार्फत विचारून.

त्यांनी काय केलं, ते सांगतो. पडद्यावर जिल्ह्याचा नकाशा. माउसचा बाण गावावर न्यायचा आणि टिचकी मारायची. एक रहाट फिरू लागायचा. मग एक विहीर उघडायची आणि तिच्यात खालून निळं पाणी चढत यायचं. जिथवर चढलं तिथवर पाणी. बस. वाचता न येणाऱ्या माणसालाही कळावं.

लोक वेडे झाले. बायका पडद्याला हात लावून बघायच्या, ओला होतो का. हिशेबाच्या खोलीतले बाबू रोज जेवणाच्या सुट्टीत आपापल्या सासुरवाडीचं पाणी काढून जायचे. आणि खरं काय होतं? वैरागडेंच्या प्रोग्रॅमला विहिरीतलं ओ की ठो कळत नव्हतं. टिचकी मारली की तो गुपचूप माझाच हुकूम, माझ्याच भाषेत, माझ्याच स्वल्पविरामांसकट तारेतून आत पाठवायचा. गणित माझा प्रोग्रॅम करायचा. उत्तर बाहेर गेलं की वैरागडेंचा प्रोग्रॅम त्यातला एक आकडा उचलायचा, बाकी ओळी फेकून द्यायच्या आणि निळा रंग भरायचा. प्रोग्रॅम कसला, कॉम्प्युटरला शिकवलेलं 'म्हणावं' होतं ते!

वरातीत सगळे नवरदेवाकडे बघतात, घोड्याला कुणी विचारत नाही, तसं माझं झालं. अंगाचा तिळपापड व्हायचा. आत गारठ्यात मी मफलर गुंडाळून बसलेला आणि काचेबाहेर वैरागडेंभोवती ही गर्दी. काचेतून लोकांच्या पाठी दिसायच्या. त्या पाठीही खूश दिसायच्या.

त्यातही एक गंमत होती आणि ती फक्त मला ठाऊक होती. एखाद्या गावाची मोजणी फार जुनी असली तर माझा प्रोग्रॅम थांबून विचारायचा, "मोजणी जुनी आहे. तरी सांगू का?" इंग्रजी अक्षरांत लिहिलेलं मराठी. वाय, म्हणजे 'येस', दाबलं की पुढे जायचा. हा प्रश्न बाहेरच्या नकाशावर दिसतच नव्हता, तो बाकी ओळींबरोबर फेकला जायचा. बाहेर नुसता रहाट फिरत राहायचा. दिसायचा तो आत, माझ्या पडद्यावर. मग मी वाय दाबायचो आणि बाहेर पाणी चढायचं.

बाकी गावांच्या मोजण्या ताज्या होत्या, पण खाप्याची फार जुनी. नदीकाठचं गाव, तिथल्या विहिरी मोजायची कुणाला घाई नव्हती. आणि वैरागडेंना दिवसातून चारदा खापाच बघायचं असे, कारण खापा म्हणजे त्यांच्या बायकोचं माहेर. प्रत्येक वेळी त्या निळ्या पाण्यामागे माझं बोट असायचं. तोंडातून अवाक्षर नाही. नुसतं बोट.

वैरागडेवहिनींना मी एकदाच भेटलो. भेटलो म्हणजे ऐकलं. "रविवारी घरी या म्हणते," असा नामदेवमार्फत निरोप आला, म्हणून मी महाल भागातल्या माझ्या घरून स्कूटर काढून हुडकेश्वरला गेलो. तेव्हा तिकडे घरं कमी आणि शेतं जास्त. वैरागडे बाहेरच्या खोलीत खाटेवर बसले होते. स्वयंपाकघराच्या दारात पडदा आणि पडद्याखाली उंबऱ्यावर एक पांढरी मांजर.

"मने," वैरागडे मांजरीला म्हणाले, "म्हणावं, सरोदेभाऊ आले."

पडद्याआडून आवाज आला, "मने, म्हणावं, स्कूटर ऐकली."

"मने, म्हणावं, सांबारवडी गरम पाहिजे."

"मने, त्याइले विचार वं, थंडी कधी देल्ली?"

मांजर डोळे मिटून बसली होती. दोन्हीकडचं बोलणं तिच्या डोक्यावरून जात होतं. पोरंबाळं नव्हती. घरात तिसरं माणूस नव्हतं, म्हणून मधल्या कामाला मांजर. कोथिंबिरीची ती वडी इतकी सुरेख होती की मी सहा खाल्ल्या आणि तरीही परतताना माझं तोंड कडूच होतं. आमच्या घरी सगळं थेट. मी थेट विचारतो, बायको थेट दुर्लक्ष करते. इथे मांजरीला सांगितलेला शब्द न् शब्द आत ऐकला जात होता. मला त्याचाही हेवा वाटला. माणसाने जळायचं ठरवलं की कारणाला तोटा नसतो.

आणि मग दिल्लीचे साहेब येणार असं ठरलं.

मला आयुष्यात तेव्हा एकच हवं होतं. साहेबांनी बूट काढावेत, काचेचं दार उघडावं आणि आत यावं. एकदा तरी कुणी माझ्या ओळी बघाव्यात. मी इस्त्रीचा शर्ट घातला. खोलीत उदबत्ती लावली आणि मशीनला चालत नाही म्हणून विझवली.

साहेब आले, चकचकीत लेसचे बूट घालून. बूट बघूनच माझा धीर सुटला. ते बाहेरच्या खोलीतच बसले, वैरागडेंच्या शेजारी. काचेतून मला सगळं दिसत होतं. वैरागडेंनी माउस पुढे सरकवला. साहेबांनी नकाशावर बाण फिरवला, आणि एवढ्या जिल्ह्यात नेमकी टिचकी मारली ती खाप्यावर.

माझ्या पडद्यावर प्रश्न उमटला. "मोजणी जुनी आहे. तरी सांगू का?"

मी हाताची घडी घातली.

मुद्दाम घातली, आणि आजही मला त्याचं काही वाटत नाही. फिरू दे म्हटलं रहाट. कळू दे एकदा सगळ्यांना, पाणी कुठून येतं ते. बाहेर रहाट फिरत होता. साहेबांनी घड्याळ बघितलं. बाबू लोक एकमेकांकडे बघू लागले. वैरागडे मात्र मांडीवर हात ठेवून निवांत बसले होते. मग नामदेवने दार किलकिलं करून आत मान घातली.

"म्हणते, आम्ही बसून आहो."

"बसा म्हणावं," मी म्हणालो.

आणि तेवढ्यात ते घडलं. साहेब उठले, खाली वाकले आणि लेस सोडू लागले! एक बूट निघाला. दुसरा निघाला. साहेब मोज्यांवर आत आले. उजव्या मोज्यातून अंगठा बाहेर आला होता. "ये क्या है?" त्यांनी हिरव्या अक्षरांकडे बोट दाखवून विचारलं. माझ्या डोळ्यांत पाणी यायचं बाकी होतं. मी घसा साफ केला. हा प्रश्न कसा पडतो, मोजणी जुनी असली तर उत्तरात किती फरक पडू शकतो, ते सांगायला सुरुवात केली, आणि दाखवायच्या उत्साहात वाय दाबलं.

खालून आकड्यांच्या ओळी सरसर वर आल्या. त्याच क्षणी बाहेर टाळ्यांचा कडकडाट झाला. पाणी चढलं होतं!

साहेब वळले आणि मोज्यांवरच बाहेर पळाले. "कमाल है! कमाल है!" माझं वाक्य अर्धंच राहिलं. ते आजवर अर्धंच आहे.

वैरागडेंना शाल मिळाली. त्या वेळी वैरागडे काहीतरी बोलले, असं नामदेवने मला नंतर सांगितलं. "नामदेव, साहेबाले म्हणावं, काम आतल्याचं आहे." साहेबांनी विचारलं, क्या बोल रहे हैं? नामदेवच्या हातात चहाचा ट्रे. एवढं सगळं हिंदीत कोण सांगणार? तो म्हणाला, "थँक्यू बोल रहे हैं." मी महिनाभर नामदेवशी बोललो नाही.

त्याच हिवाळ्यात वैरागडेवहिनी गेल्या. तापाचं निमित्त झालं आणि आठवड्यात सगळं आटोपलं. तेरवी झाली, वैरागडे कामावर आले. पण 'म्हणावं' बंद. नामदेव आशेने त्यांच्या खुर्चीशी जाऊन उभा राहायचा, तर त्याला कामच नसायचं. पंखा कसाही असला तरी चालायचा. नुसते बसून खाप्यावर टिचकी मारायचे. माझ्या पडद्यावर प्रश्न यायचा, मी वाय दाबायचो. थोड्या वेळाने पुन्हा खापा. पुन्हा वाय. दिवसभर हेच. मी वैतागलो. शेवटी खाप्याची नवी मोजणी मागवून घेतली आणि बाहेर येऊन त्यांच्यासमोर उभा राहिलो.

"वैरागडेभाऊ, खाप्याचे नवे आकडे आले. भरून देतो. मग तो प्रश्नच येणार नाही, टिचकी मारली की लगेच पाणी."

ते नामदेवकडे वळले नाहीत. माझ्याकडेच बघितलं आणि म्हणाले, "नका भरू, सरोदेभाऊ."

"काहून?"

"तो प्रश्न येते, मले माहीत आहे. पहिल्यापासून माहीत आहे. चित्रात दाखवणं काही कठीण नव्हतं." त्यांनी रहाटाकडे बोट दाखवलं. "टिचकी मारली की जरासा वेळ जाते. मग पाणी येते. तेवढ्यात समजते, आत कोणी आहे म्हणून."

मी नवे आकडे खणात ठेवून दिले.

रविवारी हुडकेश्वरला गेलो. कुणी बोलावलं नव्हतं. दार उघडंच होतं. वैरागडे खाटेवर, मनी उंबऱ्यावर. मला बघून त्यांनी सवयीने मान वळवली.

"मने, म्हणावं, सरोदेभाऊ आले."

आतून काही आलं नाही. मांजरीने एकदा पडद्याकडे बघितलं, एकदा त्यांच्याकडे. वैरागडे मांडीवर हात ठेवून बसून राहिले, त्या दिवशी साहेबांशेजारी बसले होते अगदी तसे. मला ते बघवेना. मी चपला काढल्या, पडदा बाजूला केला आणि स्वयंपाकघरात गेलो. डबे ओळीने लावलेले होते. वहिनींनी लावले तसेच. चहाची पत्ती सापडली, साखर सापडली. स्टोव्ह पेटवला, आधण ठेवलं.

"मने," मी आतून हाक मारली. माझा आवाज मलाच परका वाटला. "साखर किती, म्हणावं?"

स्टोव्हचा तेवढा आवाज. मी चमचा हातात धरून उभा होतो. आता कळलं, आत उभं राहून उत्तराची वाट बघणं काय असतं.

"मने," बाहेरून आवाज आला. खणखणीत नव्हता. "म्हणावं, कमी."

मी कमी टाकली.