शेततळ्यातला अँकर

एक गोष्ट आधीच सांगून टाकते. अख्ख्या माण तालुक्यात माझ्याइतका झकास अँकर टाकणारी मुलगी नाही. मुलगाही नाही! हे मी म्हणत नाही, तसा लेखी शेरा आहे. शेऱ्यात पुढं अजून एक ओळ आहे, पण तिच्याकडं नंतर येऊ.

मी सबा. इयत्ता नववी, सागरी छात्र दल, म्हसवड शाखा. हसू नका. समुद्र इथून किती लांब आहे ते आम्हालाही ठाऊक आहे. शाखेत चोवीस छात्र, एक बोट आणि आकाराम सर. सर फौजेतनं निवृत्त झालेत, पण सतरा वर्षं नोकरी केली ती राजस्थानच्या वाळूत. समुद्र त्यांनी एकदाच पाहिलाय, तोही रेल्वेच्या खिडकीतनं. आम्ही तर तेवढाही नाही. पहिले सहा महिने आम्ही शाळेच्या पटांगणात बाकांवर बसून बांबूनं वल्ही मारली. धूळ इतकी उडायची की समोरच्या किराणावाल्यानं तक्रार केली, साखर लाल व्हायला लागलीय म्हणून.

मग लालासाहेब तात्यांनी त्यांचं शेततळं दिलं. तात्यांची डाळिंबाची बाग याच तळ्यावर जगते. तळ्यात जाड काळं प्लास्टिक अंथरलेलं आहे, त्याला सगळे कागद म्हणतात. त्या कागदावर तात्यांचा नातवंडांपेक्षा जास्त जीव! चपला बाहेर, बांगड्या बाहेर, आमच्यातल्या साक्षीच्या केसांतली क्लिपसुद्धा बाहेर. कागदाला ओरखडा आला तर बोटीसकट हाकलीन, असं ते रोज रामराम घातल्यासारखं म्हणायचे. म्हणून आमचा अँकर म्हणजे काय, तर सिमेंटच्या पोत्यात भरलेली वाळू.

एप्रिलात पत्र आलं. मुंबईहून निवृत्त कमांडर पल्लवी मॅडम तपासणीला येणार आणि एका छात्राला समुद्रावरच्या शिबिरासाठी निवडणार. दहा दिवस, खरं जहाज, जागा एकच. ती जागा माझी, हे मी गल्लीत सगळ्यांना सांगून टाकलं. अम्मीनं बॅग धुऊन वाळत घातली.

आता तुम्हीच सांगा, जिनं खरी जहाजं चालवली तिच्यासमोर मी पोतं टाकू? मी सरळ वाजिदचाचाचं वेल्डिंगचं दुकान गाठलं आणि मोबाइलवर फोटो दाखवला.

"टोकं किती काढू?" चाचानं विचारलं.

"चार. लय टोकदार."

"रुतला तर निघायचा न्हाई मग."

"रुतायलाच पायजे चाचा. अँकर हाय त्यो."

चाचानं टोकं ग्राइंडरवर अशी घासली की दुकानातलं मांजर उठून बाहेर गेलं.

तपासणीच्या दिवशी मी तो अँकर बोटीत पोत्याखाली लपवला. उन्हाळ्यामुळं तळ्यात पाणी छातीएवढंच होतं. बोटीत मॅडम, मी, साक्षी आणि वल्ह्यांवर दोघं. काठावर सर, तात्या आणि बाकीची फौज. मधोमध आल्यावर मॅडमनी हुकूम दिला. साक्षी पोतं उचलायला वाकली आणि खाली जे दिसलं ते बघून तशीच वाकून राहिली. मी अँकर उचलला आणि दिला भिरकावून!

बोट गचकन थांबली, खुंट्याला दावं अडकलेल्या म्हशीसारखी.

"पहिल्याच फेकीत," मॅडम म्हणाल्या आणि वहीत काहीतरी लिहिलं. मी मनानं मुंबईत पोचले. जहाजावर माझी खोलीसुद्धा ठरली.

मग त्या म्हणाल्या, "आता वर घे."

मी ओढला. साक्षीनं ओढला. चौघांनी मिळून ओढला. काठावरून सरांनी जोर लगाव असा पुकारा केला, आम्ही लगावला, आणि पाण्याखालून टर्रर्र असा आवाज आला. कापडाच्या दुकानात पाच मीटर फाडतात ना, तस्सा. अँकर निघाला नाहीच. वर बुडबुडे मात्र आले.

"मासे आहेत वाटतं," मॅडम म्हणाल्या.

"व्हय मॅडम, लय मोठे," मी म्हटलं.

त्यानंतर बोटीतच गाठींची तोंडी परीक्षा सुरू झाली. चांगला दीड तास चालली. मी गाठी मारत होते आणि काठाकडं बघत होते. काठ उंच होत होता.

तेवढ्यात खालच्या शिवारातनं दगडाबाई पळत आल्या. "लाला, आरं माझ्या हिरीला पानी आलं! दोन वरसं कोरडी ठणठणीत व्हती!"

तात्या हरखले. बागेतल्या खोपटातनं नारळ घेऊन दगडाबाईंच्या विहिरीकडं निघाले, आमची निम्मी शाखा चमत्कार बघायला त्यांच्या मागं. इकडं बोट हलकेच तळाला टेकली. चारी बाजूंनी काळा उतार आणि मध्ये आम्ही, कढईच्या बुडाला चिकटलेल्या बटाट्यासारखे.

मॅडमनी शांतपणे चष्मा पुसला. "सबा, म्हसवडला ओहोटी असते का?"

इतक्यात निम्म्या शाखेसकट तात्या परतले, कपाळाला हळदकुंकू लावून. तळ्यात डोकावले.

"त्यो लोखंडी काटा कुणाचा हाय?"

तेवीस बोटं माझ्याकडं वळली. वर्षभराच्या कवायतीत जे कधी जमलं नव्हतं ते जमलं, सगळी एकाच क्षणी! सर सवयीनं शाब्बास म्हणून गेले.

"माझा," मी म्हटलं. "पोतं टाकायची लाज वाटली, तात्या."

तात्या बांधावर बसले. "माझं डाळिंब," एवढंच म्हणाले. वाचकहो, इथं मला रडू आलं, उगाच लपवत नाही.

दगडाबाईंनी पदर खोचला. "रडतीस कशाला गं? पानी कुटं पळून गेलं न्हाई, माझ्या हिरीत हाय. लाला, मोटर लाव आन ने बागंला. नारळ तेवढा परत मिळायचा न्हाई."

ओल्या कागदावरून वर चढताना मॅडम तीनदा घसरून बोटीपाशी आल्या. देशोदेशींची बंदरं बघितलेल्या बाई शेवटी म्हसवडात ट्रॅक्टरच्या दोरानं किनाऱ्याला लागल्या.

पुढचे चार रविवार चाचा आणि मी तळ्याच्या बुडाशी बसून कागदाला ठिगळं लावत होतो. पाचव्या आठवड्यात शेरा आला. "अँकर टाकणे: उत्कृष्ट." आणि ती दुसरी ओळ: "अँकर काढणे: शून्य. शिबिरात शिकवू, पाठवा."

सोबत आणायच्या सामानाची छापील यादी होती. पांढरे बूट, टॉवेल, टोपी. खाली पेनानं लिहिलं होतं, "जहाजाला अँकर आहे. घरून आणू नये."

काल तात्या घरी आले, चार डाळिंबं दिली आणि माझी बॅग तळापर्यंत तपासली. जाताना दारात थांबले.

"पोरी, समुद्राच्या बुडाला कागद नसतो न्हवं?"

न्हाई तात्या, असं मी ठासून सांगितलं. पण तुम्हाला म्हणून सांगते, मी तरी कुठं बघितलाय?