कासारगल्लीचे गटार आणि पांढरी पावडर

श्री. पाणी जैसे उताराकडे धावते तैसी ही लेखणी खरेपणाकडे धावो. शके एकोणीसशे चौतीस, नंदननाम संवत्सर, श्रावणमासी एका नगरीत, नाव पुसू नये, जे वर्तमान जाहले ते ऐसे.

नगरीत कासारगल्ली, आणि गल्लीच्या कडेने उघडे गटार, आणि वास ऐसा की आला पाहुणा चहा न घेता माघारी जाई. शेवटले घर लोचनाबाई कासारणीचे. बाई विधवा, दारोदार बांगड्या भरीत. त्यांची सात वर्षांची लेक शेवंती शाळेस निघता दारापुढील ओल्या फळीवरून घसरोन गटारात पडली, आणि वीस दिवस तापाने फणफणली, आणि मग बरी जाहली खरी, परंतु उंबरा ओलांडीना. आई कडेवर घेईल तरच शाळा. बाईंनी धंदा करावा की लेक वाहावी? मग बाईंनी पालिकेस सात अर्ज दिले, उत्तर एकाचेही न ये, मग एका भल्या वकिलाने उच्च न्यायालयी जनहित याचिका घातली, आणि पालिकेने शपथेवर लिहून दिले की सदर गल्लीत उघडे गटार मुळीच नाही. अरे बापरे! आम्ही ते दोनदा वाचिले. न्यायमूर्ती बोलते जाहले, "आहे की नाही, पाहून यावे," आणि एक पंच नेमिला.

आता या नगरीचा रिवाज सांगणे अगत्य. बडे साहेब येणार ऐसे कळता आरोग्य खात्याचे मुकादम तुळशीराम पोते घेऊन निघत आणि गटाराच्या कडेने पांढरी पावडर टाकीत. जंतू मरत की न मरत, देव जाणे. पालिकेने गटारावर फळ्या टाकोन सतरंज्या अंथरिल्या, मांडव घातला, हारतुरे सिद्ध ठेविले, परंतु तुळशीरामास नको म्हणावे हे कोणासही सुचले नाही. पंच आले, सतरंजी पाहिली, शेजारची पांढरी रेघ पाहिली, आणि पुसते जाहले, "मुकादम, ही पावडर कुठं टाकता?" तुळशीराम म्हणाला, "गटाराच्या कडेला, साहेब. दुसरीकडं कशाला टाकू?" अधिकारी घामाघूम जाहले. पंचांनी सतरंजी उचलविली, रेघेवर फीत धरिली, आणि मापाप्रमाणे गटार बांधोन झाकावे ऐसा हुकूम आला.

परंतु पावडरीचे पोते लोचनाबाईंच्या दोन घरे अलीकडेच संपले होते! रेघ जेथवर तेथवर लाद्या पडल्या, आणि बाईंच्या दारापुढील गटार तैसेच उघडे. इंजिनिअर म्हणाले, "हुकमात एवढंच आहे, बाई." बाई संतापल्या, "माझ्याच पोरीसाठी भांडले आणि माझंच दार राहिलं होय?" आणि पदराने डोळे पुसले. मग काम पाहावयास पंच पुन्हा येणार ऐसे कळता बाई तुळशीरामाकडे गेल्या आणि म्हणाल्या, "भाऊ, मागल्या वेळी पोतं पुरलं नाही. या खेपेला माझ्या दारापासनं सुरू करा." तुळशीराम म्हणाला, "त्यात काय, करतो की." पंच आले, बाईंच्या दारी पांढरी रेघ पाहोन थांबले, आणि तेच पुसिले, आणि तेच उत्तर आले. मग उरल्या लाद्याही पडल्या.

आम्हांस राहवेना, म्हणून तुळशीरामास गाठोन विचारिले, हे जाणून केले की कसे? तो म्हणाला, "मला काय ठावं? मी आपली पावडर टाकतो," आणि तंबाखू मळू लागला.

सारांश, सात अर्जांनी न दिसले ते दोन रेघांनी दिसले. सोमवारी शेवंतीने उंबऱ्यातून लादीवर एक पाय ठेविला, दोनदा आपटून पाहिला, मग दुसरा ठेविला, आणि दप्तर सावरीत शाळेकडे धावली. लोचनाबाई सवयीने कमरेत वाकून हात पसरोन उभ्या होत्या, त्या तैशाच राहिल्या. इति.